गोष्ट खरी कशी होते?

अलीकडे वसतिगृहांत, शिकवणी वर्गांत आणि दहावी-बारावीच्या निरोप समारंभांत एक नवे शास्त्र सांगितले जाऊ लागले आहे. माणूस स्वतःविषयी जी गोष्ट मनाशी रोज सांगतो ती लहरींच्या रूपाने विश्वात जाते, विश्व तिचा प्रतिध्वनी परत पाठवते आणि त्या गोष्टीबरहुकूम वास्तव घडते, असे या शास्त्राचे सार आहे. सांगणारे वक्ते अस्खलित बोलतात. ‘क्वांटम’, ‘ऊर्जा’, ‘कंपने’ असे शब्द त्यांच्या बोलण्यात पदोपदी येतात. मुले वह्या उघडून ते लिहून घेतात आणि पोटाला चिमटा घेऊन शुल्क भरणारे पालक मागच्या रांगेत बसून माना डोलावतात.

आम्ही इतिहासाचे शिक्षक. पदार्थविज्ञान हा आमचा प्रांत नव्हे. पण लहर म्हटली की ती मोजता आली पाहिजे आणि प्रतिध्वनी म्हटला की तो ज्यावर आपटून परत येतो ती भिंत दाखवता आली पाहिजे, एवढे शाळेत शिकलेले आम्हांला आठवते. या शास्त्रात मोजमाप कोठेच नाही. तेही एक वेळ सोडून देऊ. आमचा खरा आक्षेप निराळा आहे. विश्व जर प्रत्येकाच्या गोष्टीचा प्रतिध्वनी पाठवत असेल, तर झोपडीत राहणाऱ्याने, गटारात उतरणाऱ्याने, फी न भरता आल्यामुळे शाळा सोडणाऱ्या मुलीने स्वतःविषयी वाईट गोष्ट सांगितली असली पाहिजे, असा त्याचा अर्थ होतो. पूर्वी याला पूर्वजन्मीचे पाप म्हणत, आता नकारात्मक विचार म्हणतात. गेल्या जन्मीच्या कर्माच्या नावाखाली गरिबाची गरिबी त्याच्याच पदरात टाकणारी शिकवण ही तथागतांची शिकवण नव्हे, हे बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या ग्रंथात किती बारकाईने उलगडले आहे! तीच शिकवण नवा कोट घालून आपल्याच वसतिगृहाच्या सभागृहात येते आणि आपण तिला शाल-श्रीफळ देतो.

तरीही गोष्टी वास्तव घडवतात हे विधान आम्ही खोटे म्हणणार नाही. ते खरे आहे, आणि आपल्या समाजाइतका त्याचा अनुभव क्वचितच कोणी घेतला असेल. वाद आहे तो गोष्ट खरी होते कशी, याविषयी. त्याचे उत्तर आकाशात शोधण्याची गरज नाही. ते परळमध्ये सापडते. आमचे लहानपण त्या भागात गेले, म्हणून उदाहरणे तिथलीच सुचतात.

गिरणगाव भरात होता त्या काळची गोष्ट. कापड गिरणीत सूतकताईचे खाते वेगळे आणि विणाईचे, म्हणजे साच्यांचे, खाते वेगळे. साचेखात्यात मजुरी जास्त. त्या खात्यात अस्पृश्यांना प्रवेश नव्हता. कारण असे की, धोट्यातील कांडी संपली की नवी कांडी घालताना सुताचे टोक धोट्याच्या छिद्रातून तोंडाने ओढून घ्यावे लागे. ज्या धोट्याला अस्पृश्याचे ओठ लागले त्याला आपले ओठ कसे लावायचे, ही स्पृश्य कामगारांची अडचण. विटाळ ही एक गोष्ट होती. तिला रंग नाही, वास नाही, वजन नाही, कोणत्याही तराजूवर ती चढत नाही. पण ती धोट्याच्या छिद्रातून पगारपत्रकात शिरली. रिंग खात्यात अडकलेल्या बापाच्या हाती महिन्याला कमी पैसे पडले, कमी पैशांमुळे मुलगा लवकर गिरणीत लागला आणि तोही रिंग खात्यातच लागला. दोन पिढ्यांनंतर ज्याला त्याला दिसू लागले की ‘या लोकांना साचा चालवता येत नाही’. ज्यांच्याविषयी हे बोलले जात होते त्यांच्याच समाजात, विदर्भात, हातमागावर जाडेभरडे कापड विणणारी घराणी होती, याची आठवण कोणाला राहिली नाही. लाल बावट्याखाली एकत्र आलेल्या कामगारांनाही या खात्याच्या दारात जात आडवी आली. १९२८ च्या गिरणी संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न संपाच्या पुढाऱ्यांपुढे मांडला तेव्हा वर्गाच्या एकीची भाषा बोलणारी मंडळी अडचणीत आली होती.

या व्यवहारात विश्वाने कोणताही प्रतिध्वनी पाठवला नाही. मुकादमाने नाव लिहिले नाही, मालकाने डोळेझाक केली, शेजारच्या कामगाराने तोंड फिरवले. गोष्ट खरी करायला एवढी माणसे पुरतात. (आज त्याच गिरण्यांच्या जमिनीवर उभ्या असलेल्या मनोऱ्यांतील घरे विकताना लोअर परळला ‘अपर वरळी’ म्हणण्याची टूम निघाली आहे. जागा तीच, चिखलही तोच; पण नाव बदलले की चौरस फुटाचा भाव बदलतो. गोष्टींची ताकद कोणी ओळखली असेल तर ती घरे विकणाऱ्यांनी!)

विटाळाची गोष्ट निदान धर्माच्या नावाने सांगितली जात होती. त्याहून घातक ठरली ती विज्ञानाच्या नावाने सांगितलेली गोष्ट. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्यांनी ‘लढवय्या जमाती’ नावाचा सिद्धांत रूढ केला. काही जमाती रक्तानेच शूर असतात आणि काही रक्तानेच भित्र्या, असे तो सांगे. त्याच सुमारास हर्बर्ट रिस्ले हा अधिकारी नाकांची लांबी-रुंदी मोजून, जात जितकी उच्च तितके नाक अरुंद, असा नियम मांडत होता. आकडे होते, तक्ते होते, मोजण्याची उपकरणे होती. शास्त्राची सगळी वस्त्रे होती. आत जुनीच पुराणकथा होती. या हवेत १८९२-९३ च्या सुमारास महारांची सैन्यभरती थांबली. ज्यांच्या बापजाद्यांची नावे कोरेगावच्या स्तंभावर कोरलेली आहेत ते एका कागदाने ‘लढवय्ये’ उरले नाहीत.

परिणाम फक्त नोकरी जाण्यापुरता नव्हता. लष्करी छावणीत सैनिकांच्या मुलामुलींना शिक्षण मिळत असे. सुभेदार रामजी सकपाळ स्वतः लष्करी शाळेत शिकवीत, आणि त्यांच्या घरात वाचनाची परंपरा आली ती याच वाटेने. भरती बंद झाली तेव्हा बंदुकीबरोबर पाटीही गेली. पुढच्या पिढीत शिकलेली माणसे कमी झाली, आणि मग त्याच कमतरतेकडे बोट दाखवून म्हटले गेले की ही जमात मुळातच मागासलेली. सिद्धांताने स्वतःचा पुरावा स्वतःच तयार केला. पुढे ‘अस्पृश्य मूळचे कोण?’ या १९४८ च्या ग्रंथात बाबासाहेबांनी नाकांच्या मोजमापांचे तेच हत्यार हाती घेऊन उलटवले. निरनिराळ्या प्रांतांतील मोजमापे शेजारी-शेजारी मांडून त्यांनी दाखवले की ब्राह्मण आणि अस्पृश्य यांच्यात वंशभेद सिद्ध होत नाही. हा युक्तिवाद वर्गात शिकवताना मुलांचे चेहरे पाहण्यासारखे होतात. काही जण नकळत स्वतःच्या नाकाला हात लावतात.

हे सारे इतिहासजमा झाले, असे म्हणणाऱ्यांसाठी एक अलीकडचा प्रयोग सांगतो. कार्ला हॉफ आणि प्रियंका पांडे या दोन अर्थशास्त्रज्ञांनी उत्तर प्रदेशातील खेड्यांमधील सहावी-सातवीच्या मुलग्यांना कागदावरची चक्रव्यूहाची कोडी सोडवायला दिली. २००४ मध्ये त्यांनी त्याचे निष्कर्ष प्रसिद्ध केले. जितकी कोडी सुटतील तितके पैसे मिळणार होते. कोणाची जात कोणती याचा उच्चार न करता कोडी दिली तेव्हा तथाकथित उच्च जातींची मुले आणि दलित मुले यांच्यात फरक आढळला नाही. मग तशाच मुलांच्या दुसऱ्या गटांत, कोडी देण्यापूर्वी, प्रत्येकाचे नाव, गाव, वडिलांचे व आजोबांचे नाव आणि जात मोठ्याने सर्वांसमक्ष वाचून दाखवली गेली. त्या गटांतील दलित मुलांनी कमी कोडी सोडवली. कागद तोच, पेन्सिल तीच, बुद्धीही तीच. मधे आली ती चार शब्दांची एक गोष्ट, आणि ती ऐकणाऱ्या सर्वांना आधीपासून पाठ होती.

शिक्षक म्हणून आम्हांला हा प्रयोग झोप लागू देत नाही. वर्गात हजेरी घेताना, शिष्यवृत्तीचे अर्ज वाटताना, ‘मागासवर्गीय मुलांनी उभे राहा’ असे म्हणताना किती शाळांतून हा प्रयोग रोज होत असेल? निवासी शाळा काढण्यामागे जी दृष्टी होती तिचा एक भाग हाच होता. बहिष्कृत हितकारिणी सभेच्या स्थापनेचा विचार ९ मार्च १९२४ रोजी परळच्या दामोदर हॉलमधील सभेत झाला, आणि जुलैत स्थापन झालेल्या त्या सभेने १९२५ च्या जानेवारीत सोलापूरला वसतिगृह सुरू केले. राहायला जागा आणि जेवायला अन्न ही गरज तर होतीच. पण जिथे आपली जात मोठ्याने वाचली जात नाही असे एक छप्पर मुलाच्या डोक्यावर असावे, हेही त्यात होते असे आम्ही मानतो. आपल्या शाळेत शिकून गेलेले डॉक्टर, कारकून, रिक्षाचालक, परिचारिका भेटतात तेव्हा अभ्यासक्रमाविषयी क्वचितच बोलतात. ‘तिथे कोणी विचारत नव्हते’, एवढेच म्हणतात.

आता ज्या गोष्टीने आपणा सर्वांचे वास्तव बदलले तिच्याकडे येऊ.

सुभेदारांचे कुटुंब मुंबईत आले तेव्हा लोअर परळच्या डबक चाळीत एका खोलीत राहू लागले. भीमराव एल्फिन्स्टन हायस्कूलमध्ये शिकत होते. त्यांच्या परीक्षेतील यशाबद्दल सत्कार झाला आणि त्या प्रसंगी कृष्णराव अर्जुन केळूसकर गुरुजींनी १८९८ मध्ये प्रसिद्ध झालेले आपले गौतम बुद्धाचे चरित्र त्यांना भेट दिले. हा प्रसंग आपल्याकडे बालवाडीपासून सांगितला जातो. परीक्षा कोणती, याविषयी मात्र दोन नोंदी आहेत. धनंजय कीर यांच्या चरित्रात ती १९०७ ची मॅट्रिक आहे आणि सभेचे अध्यक्ष सीताराम केशव बोले आहेत. बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’साठी १९५६ मध्ये लिहिलेल्या, पण पहिल्या आवृत्तीत न आलेल्या प्रस्तावनेत मात्र ती इंग्रजी चौथीची परीक्षा आहे आणि अध्यक्षस्थानी केळूसकरच आहेत. आम्ही वर्गात दोन्ही नोंदी सांगतो. एखादे उत्साही पालक नाराज होतात. एकच काय ते सांगा म्हणतात. पण ज्या प्रसंगावर आपले सारे जीवन उभे आहे त्याच्या नोंदी दोन असतील तर दोन सांगणे हीच त्या प्रसंगाविषयीची आस्था आहे.

त्या प्रस्तावनेतील पुढचा भाग पुस्तकभेटीहून कमी प्रसिद्ध आहे, आणि आमच्या मते अधिक मोलाचा आहे. बुद्धचरित्र वाचून भारावलेल्या मुलाने वडिलांना विचारले की, तुम्ही आम्हांला रामायण-महाभारत वाचायला लावता, मग बौद्ध साहित्य का दिले नाही? रामजीबाबा कबीरपंथी, मुलांच्या शिक्षणासाठी रात्रीचा दिवस करणारे. त्यांचे उत्तर असे की, आपण अस्पृश्य, मुलांच्या मनात न्यूनगंड येण्याचा संभव असतो, तो घालवण्यासाठी या ग्रंथांचा उपयोग आहे. द्रोण आणि कर्ण लहान स्थितीतून केवढे वर चढले, आणि वाल्मीकी कोळी असून रामायणाचा कर्ता झाला!

गोष्टी वास्तव कसे घडवतात याचा हा एक सिद्धांतच आहे, आणि तो सभागृहातल्या वक्त्यांच्या सिद्धांतापेक्षा शंभर पटींनी शहाणा आहे. रामजीबाबा विश्वाच्या लहरींविषयी बोलत नव्हते. ते मुलाच्या मनाविषयी बोलत होते. मुलगा जी गोष्ट ऐकेल तीत त्याला स्वतःसाठी जागा सापडली पाहिजे, हे त्यांनी ओळखले होते. (द्रोणाचे नाव घेताना त्यांना एकलव्याचा अंगठा आठवला नसेल का, हा प्रश्न मात्र आमच्या मनात नेहमी येतो.)

मुलाचे समाधान झाले नाही. भीष्म, द्रोण आणि कृष्ण यांच्याविषयी त्याला आदर वाटेना. वालीचा वध रामाने कसा केला, सीतेशी तो कसा वागला, हे त्याने वडिलांपुढे मांडले. वडील गप्प राहिले.

परळच्या त्या एका खोलीत दोन दृष्टींची गाठ पडली. गोष्टीतून मनाला बळ मिळते का, हे वडील पाहत होते. बलवानाने दुर्बळाशी कसे वागावे असे ही गोष्ट शिकवते, हे मुलगा पाहत होता. वडिलांच्या दृष्टीने पाहिले तर वर चढलेला कर्ण पुरेसा होता. मुलाच्या दृष्टीने पाहिले तर सीता आणि वाली यांची साक्ष घेतल्यावाचून निकाल देता येत नव्हता. बुद्धचरित्र या दुसऱ्या परीक्षेत उतरले, म्हणून ते त्याच्या मनात राहिले.

राहिले, पण एकटे राहिले नाही. हे आमच्या मुलांना आवर्जून सांगावेसे वाटते. पुस्तक देणारे केळूसकर पुस्तक देऊन घरी गेले नाहीत. पुढे पैशांअभावी शिक्षण थांबण्याची वेळ आली तेव्हा त्यांनी भीमरावांना सयाजीराव महाराज गायकवाडांकडे नेले आणि महिना २५ रुपयांची शिष्यवृत्ती मिळाली. गोष्ट आणि शिष्यवृत्ती एकाच हातांनी दिली गेली होती. नुसते चरित्र मिळाले असते आणि २५ रुपये मिळाले नसते, तर परळमधील एका हुशार कारकुनाने तरुणपणी बुद्ध वाचला होता, एवढेच कदाचित घडले असते. आणि नुसते २५ रुपये मिळून ते पुस्तक हाती पडले नसते तर काय झाले असते, हेही विचार करण्यासारखे आहे.

त्यानंतर बाबासाहेबांनी काय केले पाहा. १९३४ मध्ये परळच्या इम्प्रूव्हमेंट ट्रस्टच्या चाळीतून दादरच्या नव्या घरात गेले तेव्हा घराला नाव दिले ‘राजगृह’, म्हणजे मगधाची राजधानी. १९४६ मध्ये मुंबईत काढलेल्या महाविद्यालयाचे नाव सिद्धार्थ. औरंगाबादच्या महाविद्यालयाचे नाव मिलिंद, म्हणजे भिक्खू नागसेनाला प्रश्नांमागून प्रश्न विचारणारा आणि उत्तर पटल्यावर ते मोकळेपणाने मान्य करणारा राजा. जाहीर दीक्षेच्या कितीतरी आधी ती गोष्ट दारांवर, पाट्यांवर, विद्यार्थ्यांच्या ओळखपत्रांवर येऊन बसली होती. मुले त्या नावांखालून आत-बाहेर करत होती.

आणि मग १९४८ चा तो ग्रंथ. अस्पृश्यतेच्या उगमाविषयी त्यात मांडलेले प्रमेय सर्वांना माहीत आहे. पराभूत होऊन विखुरलेल्या टोळ्यांतील माणसे गावकुसाबाहेर वसली, ती बौद्ध होती आणि त्यांनी गोमांस सोडले नाही, म्हणून त्यांना अस्पृश्य ठरवले गेले. हे इसवी सन ४०० च्या आसपास घडले. आपल्या भाषणांत हे प्रमेय सिद्ध झालेल्या सत्यासारखे सांगितले जाते. प्रत्यक्ष ग्रंथकाराने प्रस्तावनेत काय म्हटले आहे ते आम्ही विद्यार्थ्यांकडून वाचून घेतो. दुवे तुटलेले आहेत, ते जोडताना कल्पनाशक्तीचा आधार घेतला आहे, आणि हे अंतिम आहे असा दावा नाही, असे बाबासाहेबांनी स्वतः नोंदवले आहे. उपलब्ध पुराव्याशी जुळणारे आणि पुढच्या शोधाला उपयोगी पडणारे प्रमेय म्हणून त्याकडे पाहावे, अशी त्यांची अपेक्षा होती. रिस्लेचा तक्ता शेजारी ठेवून हे वाचावे. एकाने गोष्टीला शास्त्राचे कपडे घातले. दुसऱ्याने शास्त्र लिहिताना, इथे गोष्टीचा धागा आहे, असे बोट ठेवून दाखवले.

या प्रमेयाचा समाजावर झालेला परिणाम तर जनगणनेतच आहे. महाराष्ट्राच्या आजच्या भूभागात १९५१ मध्ये बौद्धांची संख्या सुमारे अडीच हजार होती. १९६१ मध्ये ती सुमारे २७ लाख ९० हजार झाली. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला आणि पुढे ठिकठिकाणी ज्यांनी दीक्षा घेतली त्यांनी ‘नवा धर्म घेतला’ असे फारसे म्हटलेच नाही. ‘परत आलो’ असे म्हटले. परत येण्याची ही भाषा त्यांना त्या प्रमेयाने दिली होती. मृत जनावर ओढणे थांबले, गावकीची कामे थांबली, देव्हारे रिकामे झाले, मुली शाळेत गेल्या. बावीस प्रतिज्ञांतील पाचवी, बुद्ध हा विष्णूचा अवतार आहे हे नाकारणारी, या दृष्टीने फार अर्थपूर्ण आहे. एवढ्या मोठ्या प्रसंगी, लाखो लोकांकडून एका गोष्टीचा त्याग वदवून घ्यावा असे बाबासाहेबांना वाटले, कारण त्या एका गोष्टीने बुद्धाला कुठे नेऊन ठेवले होते हे ते जाणत होते.

इथवर वाचताना समाजबांधवांच्या माना डोलल्या असतील. पुढचे काहींना रुचणार नाही.

आपणही आता गोष्टी सैल सांगू लागलो आहोत. बाबासाहेबांच्या पदव्यांची संख्या दर १४ एप्रिलला वाढते. भाषांची संख्याही तशीच. कोलंबिया विद्यापीठाने जगातील १०० विद्वानांची यादी केली आणि तीत त्यांना पहिला क्रमांक दिला, असा मजकूर मोबाइलवर फिरतो आणि फलकांवर छापला जातो. वस्तुस्थिती अशी की, २००४ मध्ये आपल्या स्थापनेला २५० वर्षे झाल्याच्या निमित्ताने त्या विद्यापीठाने काळाच्या पुढे असलेल्या आपल्या माजी विद्यार्थ्यांची व अध्यापकांची जी नामावली केली तीत बाबासाहेबांचे नाव सन्मानाने आहे. ती क्रमवारी नव्हती. कोरेगावच्या बाबतीतही तसेच. स्तंभावरील मृतांच्या नावांत ‘नाक’ प्रत्यय असलेली २२ नावे आहेत. ती दगडात कोरलेली असल्यामुळे कोणालाही पुसता येत नाहीत. त्याच दगडावर इतर जातींच्या सैनिकांचीही नावे आहेत. आपल्या पूर्वजांचे शौर्य सिद्ध करायला ती २२ नावे पुरेशी असताना उरलेली नावे गाळून आपण काय मिळवतो?

यावर एक उत्तर ठरलेले असते: ‘त्यांनी हजारो वर्षे खोट्या गोष्टी सांगितल्या, आपण थोडी भर घातली तर बिघडले कुठे?’ बिघडते ते आमच्यासमोर, वर्गात. आपल्या शाळेतून अकरावीला बाहेर गेलेला मुलगा तिथल्या वर्गात अभिमानाने पहिल्या क्रमांकाची गोष्ट सांगतो. शेजारचा मुलगा दोन मिनिटांत मोबाइलवर शोधतो आणि हसतो. एका खोट्या दाव्याबरोबर कोलंबियाची खरी पीएच.डी., लंडनची खरी डी.एस्सी., सारेच त्या हसण्याखाली जाते. त्या मुलाला पुढे वर्षभर उत्तर देताना दोनदा विचार करावा लागतो. उत्तर प्रदेशातील कोडी सोडवणाऱ्या मुलांचे जे झाले तेच त्याचे होते, आणि यावेळी ती गोष्ट त्याच्या हातात आपण दिलेली असते.

गोपाळबाबा वलंगकर सैन्यातून निवृत्त झालेले, दापोलीला राहणारे, आपल्या चळवळीचे आद्य पुरुष. सैन्यभरती बंद झाल्यावर १८९४ मध्ये त्यांनी लष्कराच्या प्रमुखांकडे अर्ज पाठवला. त्या अर्जात सेवेचे दाखले होते, आणि आम्ही मूळचे क्षत्रिय आहोत असाही दावा होता. त्या काळी दुसरी भाषा उपलब्ध नव्हती. सरकारशी बोलायचे तर ‘लढवय्या’ रक्ताचीच भाषा बोलावी लागे. पण पुढच्या पिढीत बाबासाहेबांनी क्षत्रियत्वाचा आधार सोडून दिला. खोट्या गोष्टीला त्याहून गोड खोट्या गोष्टीने उत्तर देण्याचा मार्ग त्यांच्यापुढे मोकळा होता. त्यांनी तो घेतला नाही. १९४१ मध्ये बेळगावला महार रेजिमेंट उभी राहिली ती कोणाचे रक्त क्षत्रिय ठरले म्हणून नव्हे. युद्धाची गरज, अनेक वर्षांची निवेदने आणि बाबासाहेबांचा सरकारकडे सततचा तगादा यांमुळे.

केसपुत्त गावच्या कालामांनी तथागतांना विचारले होते की, येणारे-जाणारे प्रत्येक जण आपापलेच खरे म्हणतात, तर आम्ही विश्वास कोणावर ठेवावा? परंपरेने आलेले, ग्रंथात असलेले, आदरणीय गुरूने सांगितलेले म्हणून स्वीकारू नका, स्वतः पारखा, असा उपदेश त्यांना मिळाला. या उपदेशातून ‘आपल्या माणसाने सांगितलेले’ वगळलेले नाही.

म्हणून गेली काही वर्षे आठवी-नववीच्या वर्गांत आम्ही एक साधा उपक्रम घेतो. प्रत्येक विद्यार्थ्याने घरातील एक गोष्ट लिहून आणायची, आणि खाली तीन ओळी लिहायच्या: कोणी सांगितली, त्यांनी ती स्वतः पाहिली की ऐकली, आणि कागद, फोटो, भांडे, काही शिल्लक आहे का. पहिल्या वर्षी निम्म्या मुलांनी तिसरी ओळ कोरी सोडली. पुढे घरात शोधाशोध सुरू झाली. परळकडच्या एका मुलाने लिहिले होते की त्याचे पणजोबा साचेखात्यातील मोठे जॉबर होते, सारी गिरणी त्यांना मानत असे. दिवाळीच्या सुटीत पत्र्याच्या पेटीत त्याला पणजोबांचे हजेरीचे कार्ड सापडले. त्यावर खाते लिहिलेले होते: रिंग. मुलगा हिरमुसला. कार्ड दाखवावे की नाही, असे त्याने विचारले. धोट्याची हकीकत त्या दिवशी आम्ही नेमलेला पाठ बाजूला ठेवून संपूर्ण वर्गाला सांगितली. पणजोबा साचेखात्यात का नव्हते, हे त्या एका शब्दात लिहिलेले आहे, असे त्याला समजावले. त्याने जुना निबंध खोडला नाही. त्याखाली दुसरा लिहिला.

शाळेच्या ग्रंथालयात आता एक कपाट या कागदांसाठी मोकळे केले आहे. माजी विद्यार्थ्यांना व पालकांना विनंती की, गिरणीची कार्डे, पगाराच्या चिठ्ठ्या, दीक्षा समारंभांची छायाचित्रे, वसतिगृहातून घरी पाठवलेली पत्रे, जयंती मंडळांच्या पावत्या, जे घरात असेल ते आणून द्यावे. मूळ कागद देणे जड वाटत असेल तर प्रत चालेल. प्रत काढून मूळ कागद त्याच दिवशी परत मिळेल. छायाचित्राच्या मागे माणसांची नावे, चाळ किंवा गाव आणि साल पेन्सिलीने लिहावे. शाईने लिहू नये, ती पुढच्या बाजूला उमटते. सालाविषयी खात्री नसेल तर अंदाजाने भरू नये, जागा रिकामी ठेवावी. ती भरण्याचे काम मुले करतील.